तू टकटक केली नव्हतीस

रेमों,

आपण दोघांनी मिळून शेवटचं काम केलं ते माझ्या फ्रीजमधला बर्फ काढायचं. बुधवारची दुपार होती. वरचा कप्पा इतका गोठला होता की दार लागेना. तू इंदूचा जुना हेअर ड्रायर घेऊन स्टुलावर बसलास आणि मी उलथन्याने बर्फ खरवडत होतो. तुझं सारखं एकच. "अहो, प्लग काढ आणि गप्प बस. बर्फ आपला आपण जातो." मी म्हटलं, "तोवर मटारांचं काय करू? मांडीवर घेऊन बसू?" तू म्हणालास, "उलथन्याने फ्रीज फोडशील." मी म्हटलं, "आणि तू ड्रायर पाण्यात पाडून दोघांना भाजशील." तासभर हेच चाललं होतं.

चार वाजता तू ड्रायर बंद केलास, कारण टीव्हीवर तुझं जुनं काहीतरी लागणार होतं. दुपारच्या वेळी आपल्यासारख्या रिकामटेकड्यांसाठी जुन्या खुनाच्या सिरियली लावतात, त्यातलीच एक. तू हॉटेलचा मॅनेजर. सहाव्या मिनिटाला तुला कोणीतरी तळघराच्या पायऱ्यांवरून ढकलतं आणि तुझं काम संपतं. आपण ओल्या मोज्यांनी सोफ्यावर बसून बघितलं. तू म्हणालास, "बरा पडलोय, नाही?" मी म्हटलं, "मेलास चांगला. पण फरशी कोण पुसणार?" तू मॉप घेतलास, पुसलंस आणि वर गेलास.

दुसऱ्या दिवशी अकराच्या चहाला तू खाली आला नाहीस. साडेअकराला मी वर आलो. तुझी किल्ली माझ्या खुंटीवर असते, माझी तुझ्या. तू अंथरुणात कुशीवर होतास. चष्मा घडी घालून ठेवलेला. त्याबद्दल पुढे काही लिहीत नाही, मला जमत नाही.

मला लिहायचंय ते वेगळं. मला तुझ्याशी भांडायचंय. आणि तू मधेच उठून गेलास, म्हणून माझा जास्त संताप होतोय.

तू मोठा नट होतास असं मी म्हणणार नाही. नव्हतास. क्रिमेटोरियममध्ये तुझ्या धंद्यातली माणसं आली होती, ती एकमेकांना सांगत होती, काय कलावंत होता! मग जिवंतपणी कामं का नाही दिलीत रे? पस्तीस वर्षं या देशात राहिलास आणि काय केलंस? वेटर. मग हेड वेटर. दारूचा व्यापारी. विमान पडलेल्या इंग्रज पायलटला पिठाच्या कोठीत लपवणारा गाववाला. दोनदा जर्मन अधिकारी, कारण त्यांना काय, परदेशी तो परदेशी. एकदा नुसतं प्रेत. त्या प्रेताच्या कामासाठी तू पहाटेच्या ट्रेनने गेलास आणि सर्दी घेऊन आलास.

तू आलास दोन आठवड्यांच्या शूटिंगसाठी, एका फ्रेंच सिनेमाबरोबर. सिनेमातलं तुझं काम कापून टाकलं, आणि तू राहिलास. का राहिलास ते तू दर वेळी वेगळं सांगायचास. कधी एक बाई होती, कधी पाऊस आवडला, कधी परतीचं तिकीट हरवलं. मी बत्तीस वर्षं फोटो-फिल्मच्या कारखान्यात काळ्या अंधारात फिल्म कापली; मी तिथे कामाला आहे हे कळल्यावर तू किती हसला होतास. "म्हणजे अहो, तू कापलेल्या फिल्मवर ते मला घेतात, आणि मग मला कापतात!" त्या दिवशी तू पहिल्यांदा आमच्याकडे जेवलास. इंदूने भरली वांगी केली होती. तू पाणी पीत पीत चार खाल्लीस.

'अहो'चं सांगायलाच पाहिजे. इंदू मला अहो म्हणायची. अहो, जेवायला चला. अहो, कचऱ्याचा बिन बाहेर ठेवलात का. तू वरून जिन्यात ऐकायचास आणि तुला वाटलं, या माणसाचं नाव अहो. एक दिवस बिनपाशी मला म्हणालास, "गुड मॉर्निंग, मिस्टर अहो." मी दोन वर्षं काही बोललो नाही. चूक कळली ती इंदूने सांगितलं तेव्हा. ती पदर तोंडाला लावून म्हणाली, "भावजी, असं फक्त बायको म्हणते नवऱ्याला." तू लाल झालास, मग म्हणालास, "आता फार उशीर झाला." आणि तेच चालू ठेवलंस. इंदू गेल्यावर या जगात मला अहो म्हणणारा एक तू राहिलास. बाकी सगळ्यांना मी शिव, नाहीतर बाबा, नाहीतर मिस्टर काहीतरी, ज्याचा उच्चार कोणाला येत नाही.

आता मुद्द्यावर येतो.

तुला काम मिळालं की पानं घेऊन तू खाली यायचास. आधी कोणी बाई होती तुझ्याबरोबर वाचायला, ती दुसऱ्या गावी गेली. मग तू मला धरलंस. मी सातवीपर्यंत शिकलेला, इंग्रजी शिकलो ते कारखान्यातल्या पाट्या वाचून. मी बोट ठेवून वाचायचो. तू तुझं बोलायचास आणि उरलेले सगळे मी. मी इन्स्पेक्टर झालो, लॉर्ड झालो, नर्स झालो. एकदा तुझी बायको झालो. "आय लव्ह यू, पिएर," हे मी गॅसचं बिल वाचावं तसं वाचलं, आणि स्वयंपाकघरातून इंदू ओरडली, "अहो! मला जन्मात कधी म्हणाला नाहीत, आणि भावजींना म्हणताय!"

तुला माझं तसं वाचणं आवडायचं. "तू अ‍ॅक्टिंग करत नाहीस, ते फार बरं. बाकी सगळे करतात." नियम एकच होता. पानं माझ्या हातात. तुला शब्द आठवला नाही तर तू टेबलावर बोटाने टकटक करणार, मग मी शब्द सांगायचा. टकटक नाही तर मी तोंड उघडायचं नाही, तू कितीही वेळ थांबलास तरी. आणि काय करणार आहेस, कसं करणार आहेस, ते तू मला कधी सांगितलं नाहीस. विचारलं तर म्हणायचास, "तुला सांगितलं की तू बघायला लागतोस. मला बघणारा नको. ऐकणारा पाहिजे."

ही तुझी अक्कल! हिनेच सगळं बोंबललं.

तुला मिल्टन कीन्सचं आठवतंय? तू स्विस बँकवाला होतास, एका ऑफिसच्या इमारतीत शूटिंग होतं. तुझी पाठ धरली होती म्हणून मी माझ्या गाडीने नेलं, आणि मला मागे खुर्ची देऊन बसवलं. तिथे एक म्हातारा इंग्रज नट होता. मोठा माणूस असावा, सगळे सर म्हणत होते. त्याला त्याची ओळ येईना. एकच ओळ. पुन्हा, पुन्हा. मग एका पोरीने ती ओळ मोठ्या अक्षरात पुठ्ठ्यावर लिहून धरली, आणि सगळी माणसं आपापल्या बुटांकडे बघत उभी राहिली. त्याला तेही वाचता येईना, कारण त्याचे डोळे भरले होते.

आपण परत निघालो. त्या गावात रस्ते कमी आणि राउंडअबाउट जास्त. एका राउंडअबाउटला तू माझ्या दंडाला धरलंस आणि म्हणालास, "अहो, माझं असं झालं तर तू मला दारातच अडव. तिथपर्यंत जाऊ देऊ नकोस." मी वळण चुकलो आणि पुन्हा गोल फिरलो. म्हटलं, "अडवीन." तू म्हणालास, "वचन?" मी म्हटलं, "अडवीन म्हटलं ना. हात सोड, गाडी चालवतोय."

मी वचन पाळलं, रेमों. तेच तर झालं.

गेल्या हिवाळ्यात तुला ते काम मिळालं. शहात्तराव्या वर्षी पहिल्यांदा खरं काम. वेटर नाही, जर्मन नाही. इंग्लंडातल्या खेड्यात राहणारा म्हातारा फ्रेंच माळी, त्याची बायको घरात मेलेली सापडते, आणि तो पोलीस स्टेशनात बसून जबानी देतो. पोलीस बाई चार प्रश्न विचारते, बाकी दोन पानं तो एकटा बोलतो. तू जिना उतरून आलास तो पायात चपलासुद्धा नव्हत्या. "दोन पानं, अहो! दोन पानं, आणि मी शेवटपर्यंत मरत नाही!" मी शिरा केला. जरा करपला, पण केला.

मग आपण बसलो रोज. पहिला आठवडा ठीक होतं. दुसऱ्या आठवड्यापासून तू अडखळायला लागलास. वाक्य अर्ध्यावर सोडायचास. छताकडे बघायचास. अंगठा टेबलाच्या कडेवर घासत राहायचास. एकेकदा इतका वेळ की मला वाटायचं याला झटका आलाय. एकदा मला राहवलं नाही, मी शब्द सांगितला. तू माझ्याकडे असं बघितलंस जसं मी तुझ्या ताटातलं उचललं. "मी टकटक केली नव्हती."

मी मनात म्हटलं, गेला. याला टकटक करायचंसुद्धा आठवत नाही.

मी कोणालाही तोंडावर बोलतो. फोरमनला बोललोय, मुलीच्या सासऱ्याला बोललोय, मंदिराच्या कमिटीला तर दर वर्षी बोलतो. तुला फक्त बोललो नाही. तू विचारायचास, "कसं झालं?" मी म्हणायचो, "चांगलं." तू खूश होऊन वर जायचास, आणि मी खाली बसून त्या पुठ्ठा धरलेल्या पोरीला आठवायचो.

हे मी तुझ्या जिवंतपणी सांगितलं नाही, ते आता सांगतो. तू डोळे तपासायला गेला होतास त्या सकाळी मी डोरीनला फोन केला. तुझी एजंट, तिचा नंबर तूच माझ्या फोनच्या वहीत लिहून ठेवला होतास, कधी पडलोबिडलो तर कळव म्हणून. मी म्हटलं, "डोरीन, त्याला लक्षात राहत नाही. दोन पानं त्याच्याच्याने होणार नाहीत. त्याची तिथे शोभा होईल. त्याला पाठवू नकोस, आणि मी फोन केला हे सांगू नकोस." ती म्हणाली, "ओह, डार्लिंग. सांगितलंस ते बरं केलंस. मलाही शंका होतीच." एका मिनिटात तिला पटलं. मला वाटलं होतं भांडेल.

दोन दिवसांनी तिचा तुला फोन आला. तिने चांगुलपणाने एक थाप मारली. त्यांना आणखी फ्रेंच वाटणारा माणूस हवाय, तुझा आवाज आता पुरेसा फ्रेंच राहिला नाही, म्हणून काम दुसऱ्याला दिलं. तू खाली आलास. आधी हसलास. मग माझ्या टेबलावर मूठ आपटलीस. "पस्तीस वर्षं मला हे लोक म्हणाले, तू फार फ्रेंच आहेस, बाजूला उभा राहा. आता म्हणतात पुरेसा नाहीस! हे तुझ्यामुळे, अहो. रोज तुझ्याबरोबर बोलून माझं इंग्रजी तुझ्या कराडचं झालं. तू घालवलंस माझं काम!"

तू चेष्टेत म्हणालास. निम्मं चेष्टेत. मी तुझ्याकडे बघू शकलो नाही. मी म्हटलं, "चहा ठेवतो."

त्यानंतर चार महिने आपण रोज अकराला चहा प्यायलो. रोज मला सांगता आलं असतं. एकदा तोंड उघडलंही, तर तू म्हणालास, "काय झालं, दात दुखतोय?" मी हो म्हटलं, आणि तू लवंग आणून दिलीस. ती लवंग मी चघळली, रेमों. दुखत नसलेल्या दातात धरून.

तुझ्या अंत्यसंस्काराला डोरीनने एक कार्ड छापून आणलं होतं. पुढे तुझा जुना फोटो, मिशी असलेला. मागे तुझं सगळं काम चार ओळींत. मी बोट ठेवून वाचलं. शेवटची ओळ अशी होती, की पुढे स्मरणशक्तीने साथ सोडल्यामुळे त्याला काम थांबवावं लागलं. डोरीन म्हणाली, हेच ती तुमच्या नटांच्या मासिकाला पाठवणार आहे, आठवडाभरात. मला वाटलं, बरोबर आहे, खरं तेच लिहिलंय. पण ती ओळ वाचताना बरं वाटलं नाही. चार ओळींच्या आयुष्यात एक ओळ माझी होती.

तुझा भाचा फ्रान्सहून आला होता. सभ्य माणूस. दोन बॅगा भरल्या, तुझं घड्याळ घेतलं, कागद नकोत म्हणाला. संध्याकाळी मी आणि लेक वैशाली वर गेलो तुझे कागद बघायला. वैशाली ग्लासगोहून दोन दिवसांसाठी आली होती. ती रडली बरं का. शाळेत असताना तुझ्याच टेबलावर फ्रेंच शिकली ती. मराठी माझ्याकडून शिकली, म्हणून फ्रेंच जास्त चांगलं येतं.

ती दोन पानं वरच होती, ड्रॉवरमध्ये. मी म्हटलं, "ही टाक." वैशाली म्हणाली, "थांबा बाबा. हे बाजूला काय लिहिलाय बघा." कडेला पेन्सिलीने बारीक अक्षर होतं. मी म्हटलं, "विसरायचा म्हणून लिहिलं असेल." ती म्हणाली, "नाही. फ्रेंच आहे. इथे लिहिलंय, तो शब्द शोधत नाही, शब्द त्याच्याकडे आहे, त्याला तो बोलायचा नाही." मग ती पुढे वाचायला लागली आणि तिचं बोट एका जागी अडलं.

"काय?"

"बाबा, इथे लिहिलंय, अहोसारखं."

"काय अहोसारखं?"

"इथे पण. इथे पण. छताकडे बघणे, अहोसारखं. अंगठा, अहोसारखं. सगळी पॉजेसच्या बाजूला तेच आहे." मग ती माझ्याकडे न बघता म्हणाली, "तुम्ही असंच करता ना बाबा. आईचं सांगताना. तुमची आवाज मधेच थांबते आणि तुम्ही वर बघता. मला नेहमी वाटतं की मी शब्द देऊ का. पण देत नाही."

मी तुझ्या पलंगावर बसलो.

मला काय माहीत मी कसा बोलतो? मी माझ्याकडे कधी बघितलंय? इंदू गेली ते मी तुला किती वेळा सांगितलं असेल, मी शिफ्टवरून आलो, ती मागच्या बागेत खुर्चीत, मांडीवर ताट, अर्धे वाटाणे सोललेले. मला वाटायचं मी सरळ सांगतो. तू तिथे बसून ऐकत होतास आणि उचलत होतास. आणि मग माझ्यासमोरच, माझ्याच टेबलावर, तू मी झालास, आणि मला वाटलं हा म्हातारा कामातून गेला!

मूर्खा, एक वाक्य सांगायला काय झालं होतं? "अहो, हे मुद्दाम आहे." पाच सेकंद लागतात. ऐकणारा पाहिजे म्हणे! ऐकणारा गाढव निघाला तर?

पण खरं सांगू, तुझ्यावर ओरडून माझं समाधान होत नाही. कारण वैशाली झोपल्यावर मी तेच आठवत बसलो, आणि मला कळलं की पेन्सिलीची काही गरजच नव्हती. तू रोज त्याच जागी थांबायचास. त्याच सहा जागी. ज्याला खरंच आठवत नाही तो आज इथे अडतो, उद्या तिथे. इंदूची आई शेवटी विसरायची, मी बघितलंय, तिचं विसरणं रोज नवीन असायचं. तुझं एकदाही चुकलं नाही. मी समोर बसून रोज ऐकत होतो, आणि ऐकलं काय? काही नाही. अंधारात हाताने चाचपून फिल्म सरळ कापणारा माणूस मी. दिव्याखाली बसून मला दिसलं नाही.

आणि तुझी बायको नव्हती, तुला पोर नव्हतं. तुझ्या आयुष्यातलं सगळ्यात चांगलं काम एकाच माणसाने ऐकलं. त्यानेच फोन केला.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी दाढी केली, इस्त्रीचा शर्ट घातला. म्हाताऱ्यांचा पास नऊनंतर चालतो म्हणून स्टेशनवर दहा मिनिटं थांबलो. मेट्रोपॉलिटन लाइनने बेकर स्ट्रीटला उतरलो. डोरीनचं ऑफिस तिथे जवळच आहे, बूट दुरुस्तीच्या दुकानावर, दोन जिने. मी वर पोचेपर्यंत मला धाप लागली होती.

मी म्हटलं, "त्या कार्डावरची शेवटची ओळ चूक आहे. त्याला सगळं पाठ होतं. तो तसं करत होता. चूक माझी झाली."

तिने माझ्या हातावर हात ठेवला. "शिव, माय डियर. किती चांगला मित्र आहेस तू."

"मी मित्र म्हणून बोलत नाही. मी खरं बोलतोय."

"तूच मला फोन केला होतास, डार्लिंग."

"हो. तेव्हा चुकीचं बोललो."

ती माझ्याकडे अशी बघत होती जसं आपण दवाखान्यात कोणाकडे बघतो. चुकीचं सांगितलं ते एका मिनिटात पटलं होतं हिला, आणि खरं सांगायला दोन जिने चढून आलो तर हात थोपटते! मी पानं दाखवली. ती म्हणाली, मला फ्रेंच वाचता येत नाही, आणि बरेच जण असं कडेला लिहितात, विसरायला लागले की.

मग मी ती पानं तिच्या हातात दिली. म्हटलं, "तू पोलीस बाई. तुझे चार प्रश्न तू वाच. मला शब्द पाहिजे असला तर मी टेबलावर टकटक करीन. नाही केली तर बोलायचं नाही."

ती "शिव..." म्हणाली, पण चष्मा लावला.

मी पान न बघता बोललो. कधी पाठ केलं नव्हतं. तुझ्या तोंडून ऐकून ऐकून झालं होतं. माझं इंग्रजी तू ऐकलंयस, त्याला काय सांगायचं. सरळ बोलत गेलो. तो सकाळी बागेत गेला, थंडी होती, त्याने गुलाबांना गोणपाट गुंडाळलं, मग तो घरात आला. खुर्चीत बायको. तो तिच्याजवळ गेला. तिचे हात...

मी थांबलो. मी मोजत नव्हतो, रेमों, आणि नक्कल करायला गेलो तर मला येतही नाही. मी नुसता थांबलो. खाली दुकानात मशीनवर बुटाची टाच घासत होते, तो आवाज येत होता. माझ्याकडे शब्द होता. तो बोलायचा नव्हता.

डोरीनने वाट बघितली. मग अगदी हळू, लहान मुलाला सांगावं तसं, तिने सांगितला.

"गार."

मी तिच्याकडे बघितलं. टकटक केली नव्हती हे मला तिला सांगावं लागलं नाही. तिने स्वतःच माझ्या हाताकडे बघितलं, मग पानाकडे, मग पुन्हा माझ्याकडे. चष्मा काढला. "पुढे बोल," म्हणाली. मी शेवटपर्यंत बोललो. आणखी पाच ठिकाणी थांबलो. ती एकदाही मधे बोलली नाही.

झाल्यावर तिने ड्रॉवरमधून ते कार्ड काढलं आणि शेवटची ओळ पेनाने खोडली. "त्या जागी काय लिहू?"

"लिही, शेवटचं काम त्याला पूर्ण पाठ होतं."

तिने लिहिलं. "आणि मग केलं का नाही, असं विचारतील लोक."

"लिही, शेजाऱ्याने फोन करून घालवलं. माझं नाव घाल. शिवराम."

तिने पेनाला टोपण लावलं. "हे असं छापत नाहीत, शिव."

"तुमच्यात छापत नसतील," मी म्हटलं. परत येताना गाडीत बसायला जागा होती. घरी आलो तेव्हा बारा वाजायचे होते. वैशालीकडून कोरे कागद मागून घेतले, आमच्या मराठी मंडळाच्या अंकवाल्या बाईंना फोन करून म्हटलं, मला एक मजकूर द्यायचाय, त्यातला एकही शब्द कापायचा नाही, आणि टेबलाशी बसून हे लिहायला घेतलं.